परंड्याचा वजीर, मॉस्कोचा परदेशी

धाराशिव जिल्ह्यातल्या परंड्याचा किल्ला भुईकोट आहे. डोंगर नाही, चढण नाही. गावाला लागूनच भोवती खंदक, आत दुहेरी तट आणि तटात एकामागून एक बुरुज. आत गेलं की जुन्या देवळाचे खांब वापरून उभारलेली मशीद दिसते, नरसिंहाचं मंदिर दिसतं, पायऱ्यांची विहीर लागते. बुरुजांवर तोफा आहेत. आज विजापूरला पाहायला मिळते ती प्रचंड मलिक-ए-मैदान तोफ मुळात अहमदनगरला ओतलेली. ती इथून, परंड्याहून, 1632 साली विजापूरला गेली. किल्ला बांधल्याचं श्रेय इतिहासकार एका माणसाला देतात, तो म्हणजे बहमनी राज्याचा वजीर महमूद गवान.

या गवानची भूमिका 1957 साली पडद्यावर पृथ्वीराज कपूर यांनी केली. चित्रपटाचं नाव ‘परदेशी’. त्यांच्यासमोर नायकाच्या भूमिकेत उभा होता अठ्ठावीस वर्षांच्या आतबाहेरचा एक रशियन नट, ओलेग स्त्रिझेनोव. पुढे आठ वर्षांनी हाच नट पडद्यावर अंतराळवीर झाला. त्याचा थोरला भाऊ ग्लेब हाही नट होता. सोव्हिएत विज्ञानपटांमधल्या एका महत्त्वाच्या चित्रपटात त्याने परग्रहावरच्या शास्त्रज्ञाची भूमिका केली. या दोन भावांची नावं आपल्याकडे फारशी कुणाला ठाऊक नाहीत. पण त्यांच्या कारकिर्दीची एक वाट आपल्या मुलखातून गेली आहे, म्हणून धाराशिवच्या वाचकाला ती माहीत असायला हवी असं मला मनापासून वाटतं.

घोडा घेऊन आलेला व्यापारी

‘परदेशी’चा नायक खरा माणूस होता. अफनासी निकितिन हा व्होल्गाकाठच्या त्वेर शहरातला व्यापारी. पंधराव्या शतकाच्या उत्तरार्धात माल घेऊन तो दक्षिणेकडे निघाला. अस्त्राखानजवळ त्याला लुटलं. रिकाम्या हाताने परतावं तर घरी कर्जाचा डोंगर, म्हणून तो पुढेच जात राहिला. देरबंद, बाकू, मग इराण, मग होर्मुझ. तिथून एक घोडा बरोबर घेऊन तो गलबतात बसला आणि 1469 च्या सुमारास कोकणात चौलच्या बंदरात उतरला. वास्को द गामा कालिकतला पोचला त्याच्या साधारण तीस वर्षं आधीची ही गोष्ट. चौलशेजारच्या रेवदंड्यात एका शाळेच्या आवारात आज त्याचं स्मारक आहे.

चौलहून तो पालीमार्गे घाट चढून जुन्नरला आला. पावसाळा तिथेच काढावा लागला. चार महिने रात्रंदिवस पाणी आणि चिखल, आणि त्याच दिवसांत लोक नांगरतात, पेरतात, हे त्याने लिहून ठेवलं आहे. घोड्यांना हरभरा घालतात, साखर आणि तेल घालून शिजवलेली खिचडीही चारतात, अशीही नोंद त्याने केली. आपल्या गोऱ्या रंगाकडे गर्दी करून पाहणारी माणसं, बायकांच्या केसांची ठेवण, सरदारांच्या स्वाऱ्या, सगळं त्याच्या वहीत आलं. राजदरबारच्या वकिलाचा डौल तिच्यात नाही. डोळे उघडे ठेवून, खिसा चाचपत हिंडणाऱ्या साध्या माणसाची ती वही आहे.

जुन्नरलाच त्याच्यावर मोठा प्रसंग आला. तिथला सुभेदार असदखान याने त्याचा घोडा काढून घेतला. हा घोडा निकितिनला शंभर रुबलांना पडला होता. त्याची सगळी पुंजी त्या एका जनावरात होती. खानाने अट घातली की धर्म बदल, घोडा परत मिळेल, वर मोहराही देईन. नाही तर घोडाही गेला आणि वर दंडही भर. चार दिवसांची मुदत होती. त्या मुदतीत खोरासानहून आलेला महंमद नावाचा खोजा त्याच्या मदतीला धावला, त्याने खानाकडे रदबदली केली आणि घोडा सुटला. परमुलखात परक्या धर्माच्या माणसाने वाचवलं, हे निकितिन विसरला नाही.

पुढे तो गुलबर्गा आणि बीदरकडे गेला. नकाशावर जुन्नर ते गुलबर्गा अशी सरळ रेघ ओढली तर ती परंड्याजवळून जाते. आळंदच्या शेख अलाउद्दीनच्या उरुसातल्या बाजाराचं त्याने वर्णन केलं आहे. तिथे वीस हजार घोडे विकायला येतात असं तो लिहितो. हे आळंद आपल्या उमरग्याच्या दक्षिणेला, आता कर्नाटकात. बीदरला त्याने ज्या बलाढ्य मलिक-उत-तुज्जारचं वर्णन केलं, तोच महमूद गवान. म्हणजे परंड्याच्या किल्ल्याच्या कर्त्याला त्याच्या ऐन अमदानीत पाहणारा एक रशियन साक्षीदार आपल्याला मिळाला आहे. बीदरचा मदरसा 1472 सालचा. पुढे 1481 मध्ये खोट्या पत्राचं निमित्त करून सुलतानाने गवानचा शिरच्छेद करवला आणि बहमनी राज्याची घडी विस्कटली ती कायमची.

निकितिन दाभोळच्या बंदरातून परत निघाला. त्वेरला मात्र तो पोचला नाही. वाटेत स्मोलेन्स्कजवळ त्याला मरण आलं. त्याची वही 1475 साली मॉस्कोला पोचली आणि मग तीनशेहून अधिक वर्षं धूळ खात पडली. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासकार करमझिनच्या हाती ती लागली तेव्हा कुठे रशियाला आपल्या या माणसाचा पत्ता लागला.

निळ्या डोळ्यांचा नट

ओलेग स्त्रिझेनोवचा जन्म 10 ऑगस्ट 1929 चा, रशियाच्या अतिपूर्वेला अमूर नदीकाठच्या ब्लागोवेश्चेन्स्क गावातला. कुटुंब पुढे मॉस्कोला आलं. महायुद्धाने या घराचा मोठा घास घेतला. थोरल्या भावांपैकी बोरिस स्तालिनग्रादच्या लढाईत गेला. ग्लेब वय वाढवून सांगून आघाडीवर गेला आणि जायबंदी होऊन परतला. ओलेग 1953 मध्ये मॉस्कोच्या श्चुकिन नाट्यविद्यालयातून बाहेर पडला आणि तालिनच्या रशियन नाट्यगृहात दाखल झाला.

दोनच वर्षांत ‘द गॅडफ्लाय’ या कादंबरीवरच्या चित्रपटाने तो घराघरात पोचला. त्याला संगीत शोस्ताकोविचचं होतं. 1956 मध्ये ग्रिगोरी चुखराय यांच्या ‘एकेचाळिसावा’ या चित्रपटात त्याने क्रांतीच्या शत्रुपक्षातला अधिकारी उभा केला. लाल सैन्यातली नेमबाज मुलगी आणि तिचा हा कैदी एका निर्जन बेटावर अडकतात, एकमेकांवर प्रेम करू लागतात, आणि शेवटी तीच त्याच्यावर गोळी झाडते. शत्रूला माणूस म्हणून दाखवणं त्या काळी सोव्हिएत पडद्यावर सोपं नव्हतं. स्तालिन जाऊन तीनच वर्षं झाली होती. हा चित्रपट 1957 मध्ये कान महोत्सवात गौरवला गेला. त्यात स्त्रिझेनोवचं काम पाहिलं की कळतं, हा नट आवाज चढवत नाही. तो थांबतो, पाहतो, आणि आपल्याला वाट पाहायला लावतो.

असा नट भारतात यायला वेळही जुळून आली होती. राज कपूर यांच्या ‘आवारा’ने 1954 पासून सोव्हिएत प्रेक्षक वेडा केला होता. 1955 मध्ये भिलाईच्या पोलाद कारखान्याचा करार झाला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस ख्रुश्चेव्ह आणि बुल्गानिन भारतात येऊन गेले. ख्वाजा अहमद अब्बास यांनी आपल्या नया संसार संस्थेतर्फे मॉस्कोच्या मोसफिल्मबरोबर चित्रपट करायचं ठरवलं. भारत आणि सोव्हिएत संघ यांची ही पहिली संयुक्त निर्मिती. विषय शोधायला दूर जावं लागलं नाही. दोन्ही देशांना जोडणारा पहिला सामान्य माणूस निकितिनच होता.

दोन दिग्दर्शक, एक नायक

‘परदेशी’चं दिग्दर्शन अब्बास आणि वासिली प्रोनिन या दोघांचं. संगीतकारही दोन: आपले अनिल विश्वास आणि त्यांच्याकडचे बोरिस चायकोव्स्की. गीतं अली सरदार जाफरी आणि प्रेम धवन यांची. नर्गिस चंपा झाल्या, पद्मिनी राजनर्तकी, जयराज यांना असदखानाची भूमिका मिळाली. बलराज साहनी यांनी रंगवलेल्या लोककवीचं नाव सखाराम. कलादिग्दर्शन एम. आर. आचरेकर यांचं. या मराठी चित्रकाराला त्या कामाबद्दल फिल्मफेअर पारितोषिक मिळालं. रशियन प्रेक्षकाच्या मनात दख्खनचं जे रूप ठसलं, ते बऱ्याच अंशी या मराठी माणसाच्या हातचं होतं. 1958 च्या कान महोत्सवाच्या स्पर्धेत चित्रपट दाखल झाला.

स्त्रिझेनोवपुढचं काम अवघड होतं. समोर हिंदी पडद्यावरचे कसलेले कलावंत, भाषा अनोळखी, हवामान अनोळखी, आणि भूमिका अशा माणसाची की ज्याच्याजवळ सांगण्यासारखा पराक्रम नाही. निकितिन लढाई जिंकत नाही, राज्य मिळवत नाही. तो चालतो, लोकांना भेटतो, आजारी पडतो, घरच्या आठवणीने व्याकूळ होतो. अशा भूमिकेत नटाला टाळ्यांची वाक्यं मिळत नाहीत. स्त्रिझेनोवने ती कुतूहलावर तोलली. वेगळ्या माणसांकडे पाहताना त्याच्या नजरेत हेटाळणी नाही की भाबडं कौतुकही नाही. शिकायला आलेल्या माणसाचं लक्ष आहे. पृथ्वीराज यांचा आवाज आणि देह दरबार भरून टाकतो. त्यांच्यापुढे हा सडपातळ तरुण मऊ बोलून ठाम उभा राहतो. सत्तेपुढे साधा माणूस कसा उभा राहतो, याचा तो वस्तुपाठ आहे.

भारतानंतर तारे

सोव्हिएत चित्रपटांचा इतिहास चाळताना एक गोष्ट लक्षात येते आणि तीच या लेखाचा गाभा आहे. ज्या नटांनी प्रेक्षकांना पडद्यावर भारतात नेलं, त्यांनाच पुढे अंतराळात पाठवलं गेलं.

सेर्गेई स्तोल्यारोव हे आणखी एक उदाहरण. अलेक्सांद्र प्तुश्को यांच्या ‘सादको’ मध्ये तो सुखाचा पक्षी शोधत गलबत घेऊन थेट भारतात येतो. या चित्रपटाला 1953 मध्ये व्हेनिसला रौप्य सिंह मिळाला. चौदा वर्षांनी, 1967 मध्ये, इव्हान येफ्रेमोव यांच्या कादंबरीवरच्या ‘अँड्रोमेडा तेजोमेघ’ या विज्ञानपटात तोच स्तोल्यारोव दार वेतर झाला, दूर भविष्यातल्या एकसंध पृथ्वीचा शहाणा कारभारी. 1969 मध्ये तो वारला आणि चित्रपटाचा पुढचा भाग निघालाच नाही. ‘सादको’ची अमेरिकेत काय गत झाली तीही सांगायला हवी. तिथल्या वितरकाने चित्रपट कापला, सादकोचा सिंदबाद केला आणि श्रेयनामावलीत नायकाचं नावही बदलून टाकलं. सोव्हिएत विज्ञानपटांच्या आणि अद्भुतपटांच्या नटांच्या वाट्याला हा अन्याय वारंवार आला. त्यांचे चेहरे जगभर फिरले, नावं मात्र मागेच राहिली.

ओलेग स्त्रिझेनोवचं अंतराळ 1965 मध्ये आलं. त्या वर्षीच्या मार्चमध्ये अलेक्सेई लिओनोव यानाबाहेर पाऊल टाकणारा पहिला माणूस ठरला. गागारिन 1961 च्या अखेरीस भारतात येऊन मुंबईकरांनाही भेटून गेला होता. अशा वातावरणात दानिईल ख्राब्रोवित्स्की यांनी ‘पेरेक्लिच्का’ म्हणजे ‘हजेरी’ हा चित्रपट काढला. त्यात दोन बोरोदिन आहेत. एक महायुद्धात रणगाड्यावर लढणारा कोवळा पोरगा. ही भूमिका तरुण निकिता मिखाल्कोवची. दुसरा त्याच आडनावाचा अंतराळवीर, हा स्त्रिझेनोव. चित्रपट या दोन आयुष्यांना एकमेकांशी बोलायला लावतो. अंतराळात जाणारा माणूस रणात पडलेल्यांचं देणं घेऊन जातो, असं त्याचं म्हणणं. बोरिसला युद्धात गमावलेल्या घरातल्या नटाने ही भूमिका करावी, याला वेगळंच वजन आहे.

पुढे ओलेगने कारकिर्दीची दिशा स्वतः ठरवली. ‘युद्ध आणि शांती’ मधल्या प्रिन्स आंद्रेईच्या भूमिकेसाठी त्याची निवड झाली होती. कुठलाही नट जिच्यासाठी जीव टाकेल अशी ती भूमिका त्याने सोडली. दहा वर्षं तो मॉस्को आर्ट थिएटरच्या रंगमंचावर रमला. 1975 मध्ये डिसेंब्रिस्ट बंडखोरांवरच्या चित्रपटात प्रिन्स वोल्कोन्स्की म्हणून तो दिसला. 1988 मध्ये त्याला सोव्हिएत संघाचा लोककलावंत हा किताब मिळाला. फेब्रुवारी 2025 मध्ये, पंचाण्णव वर्षांचा होऊन, तो गेला.

थोरला भाऊ आणि विषारी ग्रह

ग्लेब स्त्रिझेनोव हा चरित्र अभिनेता. 1966 च्या ‘निसटते सूडकरी’ या गाजलेल्या साहसपटात तो पाद्री आहे, 1979 च्या रियाझानोव यांच्या ‘गॅरेज’मध्ये युद्धातून आलेला वृद्ध. तो पडद्यावर थोडाच वेळ असतो, पण त्याच्या असण्याने बाकीचे सगळे खरे वाटू लागतात. आपल्याकडे अशा नटांच्या जोरावर नाटकं उभी राहिली आहेत, म्हणून त्यांची किंमत मराठी प्रेक्षकाला सांगावी लागत नाही.

विज्ञानपटांच्या इतिहासात ग्लेबचं नाव राहिलं ते ‘काट्यांतून ताऱ्यांकडे’ या दोन भागांच्या चित्रपटामुळे. गॉर्की स्टुडिओचा हा चित्रपट 1981 मध्ये पडद्यावर आला. दिग्दर्शक रिचर्ड व्हिक्तोरोव, पटकथा कीर बुलिचोव यांची. बुलिचोव हे विज्ञानलेखक, आणि पेशाने ब्रह्मदेशाच्या इतिहासाचे अभ्यासक. कथा तेविसाव्या शतकातली. पृथ्वीवरच्या एका यानाला अंतराळात भरकटलेलं मृत जहाज सापडतं. त्यात कृत्रिमरीत्या घडवलेल्या माणसांची प्रेतं असतात आणि एकच मुलगी जिवंत असते, निया. तिला घडवणारा शास्त्रज्ञ म्हणजे ग्लान, ग्लेब स्त्रिझेनोवची भूमिका.

नियाची भूमिका येलेना मेत्योल्किना या मॉडेलने केली. अगदी बारीक कापलेले केस, सडपातळ अंग, आणि माणसांच्या जगात पहिल्यांदा पाऊल टाकणाऱ्या जिवाचे भेदरलेले डोळे. निया जिथली, तो देस्सा ग्रह माणसांनीच नासवला आहे. हवा विषारी, पाणी विषारी, लोक मुखवटे लावून जगतात. आणि तिथला सत्ताधीश तुरान्चोक्स याच आपत्तीवर गबर झाला आहे. स्वच्छ हवा आणि पाणी तो विकतो, म्हणून ग्रह शुद्ध झालेला त्याला चालणार नाही. हे काम व्लादिमीर फ्योदोरोव या ठेंगण्या नटाने केलं. तो मूळचा अणुभौतिकशास्त्रज्ञ होता. पृथ्वीवरून ‘अस्त्रा’ नावाचं यान देस्सा धुऊन काढायला निघतं आणि निया त्याच्याबरोबर आपल्या ग्रहावर परत येते.

या कथेत ग्लान थोडाच वेळ दिसतो, पण ती उभी आहे त्याच्या कामावर. आपल्या नासलेल्या ग्रहाला सावरू पाहणारा, सत्तेच्या विरोधात उभा राहिलेला शास्त्रज्ञ. ग्लेबच्या थकल्या, सुरकुतल्या चेहऱ्यावर त्याची जिद्द आणि त्याचं हरणं दोन्ही दिसतं. रणांगणावरून परतलेल्या माणसाला त्यासाठी वेगळा अभिनय करावा लागला नसेल.

दुष्काळात टँकरची वाट पाहत घागरींच्या रांगेत उभं राहिलेल्या माणसाला देस्सा समजावून सांगावा लागत नाही. आपला जिल्हा पर्जन्यछायेतला. 1972 चा दुष्काळ आपल्या आईवडिलांनी भोगला, आणि 2016 साली शेजारच्या लातूरला रेल्वेने पाणी आणावं लागलं ते आपण पाहिलं. पाणी कुणाच्या तरी नफ्याची वस्तू झालं की काय होतं, हे आपल्याला कळतं. म्हणून हा चित्रपट मला परका वाटत नाही. त्याला 1982 मध्ये सोव्हिएत राज्य पारितोषिक मिळालं. अमेरिकेत मात्र त्याचीही काटछाट झाली. पुढे तो एका टीव्ही कार्यक्रमात टवाळीचा विषय झाला. दिग्दर्शक 1983 मध्ये गेले, ग्लेब 1985 मध्ये. 2001 मध्ये दिग्दर्शकाच्या मुलाने, निकोलाई व्हिक्तोरोवने, चित्रपट नव्याने संपादित करून पुन्हा प्रेक्षकांपुढे आणला. मुलाने बापाचं काम जपलं म्हणून ग्लानही टिकला.

आपल्या हातातलं काम

हे चित्रपट निघत होते त्या काळात सोव्हिएत पुस्तकं मराठीत येत होती. अनिल हवालदार यांच्यासारखे अनुवादक मॉस्कोत राहून मराठी मुलांसाठी लिहीत होते, आणि मुंबईच्या लोकवाङ्मय गृहामार्फत ती पुस्तकं महाराष्ट्राच्या गावागावांत पोचत होती. मराठवाड्यातल्या कित्येक घरांत ती आजही सापडतात. 1984 मध्ये राकेश शर्मा सोव्हिएत यानातून अंतराळात गेले, तेव्हा भारत आणि तारे ही दोन स्वप्नं खरोखरच एका यानात बसली. आपल्याकडे जयंत नारळीकरांनी विज्ञानकथेला वाचक मिळवून दिला. 2020 च्या जानेवारीत अखिल भारतीय साहित्य संमेलन आपल्या शहरात भरलं आणि त्यानंतरच्या नाशिकच्या संमेलनाचं अध्यक्षपद नारळीकरांकडे गेलं. विज्ञानकथेची गोडी आपल्याला आहे. तिचे पडद्यावरचे चेहरे मात्र आपण फक्त हॉलिवूडमध्ये शोधतो.

माझं मत स्पष्ट आहे. दूरच्या माणसाला आपलं मानायचं शिक्षण देणारे नट दुर्मीळ असतात, आणि स्त्रिझेनोव बंधू अशांपैकी होते. एकाने दख्खनच्या माणसांकडे आदराने पाहायला आपल्या देशाला शिकवलं. दुसऱ्याने परग्रहावरच्या अनाथ मुलीच्या बापाला चेहरा दिला. त्यांच्या कामात जी माणुसकी आहे ती जुनी होत नाही.

जिल्ह्यातल्या महाविद्यालयांना, ग्रंथालयांना आणि शिक्षकांना माझी एक विनंती आहे. महमूद गवान शिकवताना निकितिनही शिकवा. परंड्याची सहल काढाल तेव्हा मुलांना जुन्नरच्या त्या घोड्याची गोष्ट सांगा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी बोलून ‘परदेशी’चा एक खेळ परंड्यात लावा, आणि त्याआधी पडद्यावर मोठ्या अक्षरांत नाव येऊ द्या: ओलेग स्त्रिझेनोव.